गॅरेजमधले शेजारी : फणीपायी कोळ्यांची ओळख



आपल्या मंडळाला स्वतःची जागा नाही, हे तुम्हाला माहीत आहेच. त्यामुळे गणपतीचं मखर एका घरी, समया आणि सतरंज्या दुसऱ्या घरी, साउंड सिस्टिम तिसऱ्या घरी आणि फोल्डिंग टेबलं-खुर्च्या आमच्या गॅरेजमध्ये, अशी आपली सगळी इस्टेट दक्षिण कॅलिफोर्नियात विखुरलेली आहे. वर्षातून तीन-चार वेळा ती बाहेर निघते. एरवी महिनोन् महिने अंधारात पडून असते. त्या अंधारात तिच्यासोबत जे राहतात, त्यांच्याबद्दल हा लेख आहे.

मी कोळ्यांचा तज्ज्ञ नाही. पोटापाण्यासाठी सॉफ्टवेअर लिहितो, आणि आमच्या धंद्यात 'बग' दिसला की मारायचा एवढंच शिकवतात. (कोळी हा बग म्हणजे कीटक नव्हेच. कीटकाला सहा पाय असतात, कोळ्याला आठ. हेही मला तिशी उलटल्यावर कळलं!) पण २०२२ च्या गणेशोत्सवात एक प्रसंग घडला, आणि तेव्हापासून मी मिळेल ते वाचत आणि रात्री टॉर्च घेऊन गॅरेजमध्ये हिंडत आलो आहे. तो प्रसंग आधी सांगतो, कारण त्यातली चूक माझी होती.

कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी संध्याकाळी आम्ही पाच-सहा जण टेबलं ट्रकमध्ये चढवत होतो. मंडळाचे एक ज्येष्ठ सभासद, ज्यांना आम्ही सगळे भाऊ म्हणतो, त्यांनी भिंतीला टेकवलेलं टेबल उचलायला कडेखाली बोटं घातली आणि हात झटकला. "सुई टोचल्यासारखं झालं रे," म्हणाले. बोटावर धड खूणही दिसत नव्हती. चहा घेऊन ते घरी गेले. तासाभरात त्यांचं पोट फळीसारखं कडक झालं, पाठीत गोळे यायला लागले, अंगाला दरदरून घाम सुटला. वहिनींना वाटलं हार्ट अटॅक. इमर्जन्सी रूममध्ये डॉक्टरांनी विचारलं, "दिवसभरात कुठे काही चावलं का?" तेव्हा भाऊंना टेबल आठवलं, आणि त्यांच्या शेजारी उभ्या असलेल्या मला आदला आठवडा आठवला. त्याच कोपऱ्यात मी एक काळा, चकचकीत कोळी पाहिला होता. "असेल साधा कोळी," म्हणून दिवा बंद करून आत गेलो होतो. कोणाला सांगितलंसुद्धा नाही.

वेदना कमी करणारी औषधं आणि रात्रभर देखरेख, एवढ्यावर भागलं. चार-पाच दिवसांत भाऊ पूर्ण बरे झाले. त्यांनी मला एका शब्दानं बोल लावला नाही, म्हणून जास्तच लागलं.

मग मी दुसरं टोक गाठलं. दुकानातून जंतुनाशकांचे आणि कीटकनाशकांचे डबे आणले आणि गॅरेजमध्ये दिसेल त्या आठ पायांवर फवारा मारला. माझी आई तेव्हा कराडहून सहा महिन्यांसाठी आली होती. नाकाला पदर लावून दारात उभी राहून ती म्हणाली, "अरे, चावला एकानं आणि मारतोस सगळ्यांना? निदान कोण कोण आहे ते तरी बघ!"

ते बघायला मी त्यानंतर सुरुवात केली.

फणी कुठे असते?

आपल्या घरात आणि गॅरेजच्या कोपऱ्यात जे गोल पोटाचे, बारीक पायांचे कोळी उलटे लटकलेले दिसतात, त्यातले बरेचसे एकाच मोठ्या कुळातले असतात. शास्त्रीय नाव थेरिडिइडी. स्वीडनचे सुंदेवाल यांनी १८३३ मध्ये हे कूळ वेगळं नोंदवलं. आज त्यात जगभरच्या अडीच हजारांच्या आसपास जाती आहेत. इंग्रजीत यांना 'कोम-फूटेड स्पायडर' म्हणतात. मी त्यांना फणीपायी कोळी म्हणतो.

ही फणी असते मागच्या, म्हणजे चौथ्या जोडीच्या पायांच्या टोकाला. तिथे दातेरी, वाकड्या केसांची एक ओळ असते. साध्या डोळ्यांना ती दिसत नाही, चांगलं भिंग लागतं. म्हणून ओळखण्यासाठी तिचा आपल्याला फारसा उपयोग नाही, पण कोळ्याला मात्र फार आहे. पोटाच्या टोकातून निघणारं ओलं, चिकट रेशीम या फणीनं ओढून तो भक्ष्यावर फेकतो. आधी लांबूनच रेशमात गुंडाळायचं आणि हालचाल थांबली की जवळ जाऊन चावायचं, अशी यांची रीत आहे. त्यामुळे स्वतःपेक्षा कितीतरी मोठं झुरळ किंवा रातकिडा हे कोळी आरामात पकडतात, आणि उलटी लाथ खात नाहीत.

जाळं आणि जळमट

इंग्रजीत यांचं दुसरं नाव 'कॉबवेब स्पायडर'. इथे आपली मराठी कामाला येते. झाडाझुडपांत चाकासारखं गोल, आखीव दिसतं ते जाळं. आणि दिवाळीच्या साफसफाईत उंच झाडूनं आपण काढतो ती जळमटं. फणीपायी कोळी हे जळमटवाले. त्यांची जाळी गोल नसतात. वरवर पाहिलं तर नुसता गुंता, कुठूनही कुठेही ओढलेले धागे. धूळ बसली की त्याचं जळमट होतं आणि आपल्याला वाटतं, घरमालकाइतकाच हा कोळीही आळशी आहे!

पण त्या गुंत्यात पद्धत असते. वरच्या भागात आधाराचे धागे, मचाणासारखे. तिथे कोळी उलटा लटकतो. त्या मचाणापासून जमिनीपर्यंत किंवा भिंतीपर्यंत काही धागे ताणून बांधलेले असतात, आणि फक्त त्यांच्या खालच्या टोकाला गोंदाचे थेंब असतात. मुंगी किंवा किडा चालत आला आणि त्या थेंबाला चिकटला की सुटण्यासाठी धडपडतो. त्या धडपडीनं धाग्याचा जमिनीशी असलेला जोड सुटतो, ताणलेला धागा रबरासारखा वर आखडतो आणि किडा अधांतरी लटकतो. पाय टेकायला जमीनच उरली नाही, तर जोर लावणार कशावर? मग वरून मालक उतरतात आणि फणी चालवतात.

ओहायोतल्या ॲक्रन विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१२ मध्ये यातली एक सुंदर गोष्ट दाखवली. आधाराचे धागे हा कोळी भिंतीला घट्ट चिकटवतो, असंख्य आडव्या टाक्यांनी शिवल्यासारखे. गोंदाचे धागे मात्र जमिनीला चिकटवताना तो टाक्यांची रचनाच बदलतो, आणि तो जोड कच्चा राहतो. रेशीम तेच, फक्त शिवण वेगळी. आपल्याकडे फ्यूजची तार मुद्दाम बारीक ठेवतात, तसाच हा मुद्दाम कच्चा ठेवलेला जोड. हे वाचल्यावर मी गॅरेजमध्ये जाऊन एका जळमटासमोर पंधरा मिनिटं बसलो होतो. बायकोनं येऊन विचारलं, "बरं वाटतंय ना?"

या कोळ्यांना आठ डोळे असूनही नजर फार बेताची असते. सगळा कारभार धाग्यांच्या थरथरीवर चालतो. म्हणून जाळ्याला धक्का न लावता तुम्ही वीतभर अंतरावरून बघितलंत, तर त्याला तुमची फारशी दखलही नसते.

चार शेजारी आणि एक पाहुणा

आता ओळख परेड. आपल्या भागात गॅरेज, पॅटिओ आणि मागच्या अंगणात चार फणीपायी कोळी नेहमी भेटतात. खाली दिलेली मापं मादीच्या शरीराची आहेत, पाय सोडून. नर यापेक्षा लहान असतात आणि सहसा नजरेत भरत नाहीत.

१) साधा घरकोळी (पॅरास्टीटोडा). पाच-सहा मिलिमीटर. मळकट तपकिरी, अंगावर करड्या-काळ्या चट्ट्यापट्ट्यांची नक्षी, पोट बाजूनं पाहिलं तर उंच. खिडकीच्या कोपऱ्यात, छताजवळ. अंड्यांची पिशवी तपकिरी, कागदी, थेंबाच्या आकाराची. जाळ्यात अशा दोन-तीन पिशव्या टांगलेल्या दिसतात. याच्यापासून आपल्याला काही त्रास नाही. उलट प्रयोगशाळांमध्ये याला मोठा मान आहे. अंड्यातून कोळी कसा घडतो याचा अभ्यास याच्यावरच फार होतो आणि २०१७ मध्ये याचा सगळा जीनोम प्रसिद्ध झाला. ज्याला आपण झाडूनं उडवतो, त्याचा सोर्स कोड जगात सर्वांसाठी खुला आहे!

२) फॉल्स ब्लॅक विडो, म्हणजे तोतया (स्टीटोडा ग्रोसा). सहा ते दहा मिलिमीटर. गडद जांभळट-तपकिरी, कमी उजेडात काळाच वाटतो. पण पोटाखाली लाल खूण नसते. पाठीवर बहुधा फिकट ठिपके किंवा पट्टा असतो. अंड्यांची पिशवी पांढरी, कापसाच्या बोळ्यासारखी. चावला तर थोडं दुखतं, पण असा प्रसंग क्वचितच येतो. आणि गंमत म्हणजे हा तोतया संधी मिळाली तर खऱ्या ब्लॅक विडोलाही खातो. माझ्या फवाऱ्यात सर्वात जास्त हेच मेले.

३) ब्राउन विडो. अंग तपकिरी-करडं, नक्षीदार. पायांवर गडद-फिकट पट्टे. पोटाखाली डमरूच्या आकाराची नारिंगी खूण. हिची सर्वात सोपी ओळख म्हणजे अंड्यांची पिशवी: गोल आणि सगळीकडून काटे आलेली, धोतऱ्याच्या फळाची छोटी आवृत्तीच. हीसुद्धा आपल्यासारखीच बाहेरून आलेली. कॅलिफोर्नियात तिची नोंद २००३ मध्ये झाली आणि दहा वर्षांच्या आत तिनं बस्तान बसवलं. लॉस एंजेलिसच्या आसपास केलेली एक पाहणी २०१२ मध्ये प्रसिद्ध झाली. तिच्यात शहरी वस्तीतल्या घराबाहेरच्या जागांमध्ये ब्राउन विडो मूळच्या ब्लॅक विडोपेक्षा कितीतरी जास्त सापडल्या. प्लास्टिकच्या खुर्चीची खालची कड, कचऱ्याच्या डब्याच्या मुठीची खोबण, अंगणातली मुलांची खेळणी या तिच्या आवडत्या जागा. हिचा चावा दुखतो, पण ब्लॅक विडोइतका त्रास सहसा होत नाही.

४) वेस्टर्न ब्लॅक विडो. भाऊंना चावली ती हीच. बारा ते पंधरा मिलिमीटर, म्हणजे पोट साधारण मटाराच्या दाण्याएवढं. पॉलिश केल्यासारखी काळी, चकचकीत. पोटाखाली लालभडक डमरू. कधी तो अखंड असतो, कधी मधून तुटून दोन ठिपके झालेले असतात. अंड्यांची पिशवी गुळगुळीत, फिकट पिवळसर, थेंबासारखी. जाळं जमिनीलगत, अडगळीत. आणखी एक खूण: हिचे धागे विलक्षण मजबूत असतात. काडीनं जाळं ओढलं तर तटतट तुटल्याचा आवाज ऐकू येतो. साध्या घरकोळ्याचं जळमट असा आवाज करत नाही.

इथे एक धोक्याची सूचना. "काळा नाही ना, मग सोडा" असं करू नका. ब्लॅक विडोची पिल्लं काळी नसतात. ती फिकट, पांढऱ्या-करड्या पट्ट्यांची असतात आणि मादी वाढता वाढता काळी होत जाते.

आणि पाहुणा? काड्यांसारख्या लांबलचक पायांचा, छताच्या कोपऱ्यात राहणारा, धक्का लागला की जाळ्यात गरगर हलणारा तो सेलर स्पायडर. तो फणीपायी नाही, वेगळ्या कुळातला आहे. पण तोही इतर कोळ्यांना खातो, विडोसकट. मी त्याला आता पाहुण्यासारखंच वागवतो.

विडो हे नाव

एके रात्री जेवताना मी आईला ही सगळी नावं सांगत होतो. 'विडो'चा अर्थ कळल्यावर तिचा हात ताटातच थांबला. बाबांना जाऊन तेव्हा तीन वर्षं झाली होती. ती म्हणाली, "नवरा मेला की बायकोवर शिक्का मारायची खोड आपल्याकडेच आहे असं मला वाटत होतं. ती बिचारी एकटी राहते, पोरं वाढवते, त्यात तिचं काय चुकलं?"

मी गंमत म्हणून सांगायला गेलो होतो, ते तिथेच राहिलं. पण नंतर वाचल्यावर कळलं की आईच बरोबर होती. मादी मीलनानंतर नराला खाते, ही या कोळ्यांची जगभर झालेली प्रसिद्धी. आपल्याकडच्या वेस्टर्न ब्लॅक विडोमध्ये मात्र निसर्गात असं क्वचितच घडतं. ज्या गोष्टी पाहिल्या गेल्या त्या बऱ्याचशा काचेच्या बरणीत, जिथे नराला पळायला जागा नसते. ॲरिझोनात झालेल्या २०११ मधल्या एका अभ्यासात दिसलं की मादी पोटभर जेवलेली आहे की भुकेली, हे नराला तिच्या धाग्यावरूनच कळतं आणि तो जेवलेली मादी निवडतो. शहाणाच म्हणायचा! ऑस्ट्रेलियातल्या रेडबॅक या त्यांच्या चुलत बहिणीची गोष्ट निराळी. तिथे नर मीलनाच्या वेळी स्वतःच कोलांटी घेऊन मादीच्या तोंडाशी जातो. एका कुळातसुद्धा घरोघरी रीत वेगळी.

नर काही महिने जगतो, मादी वर्ष-दोन वर्षं, कधी त्याहून जास्त. ती अंड्यांच्या पिशव्यांची राखण करते. एका पिशवीतून शे-दोनशे पिल्लं निघू शकतात, पण ती एकमेकांनाही खातात आणि फार थोडी मोठी होतात. उरलेली रेशमाचा एक धागा हवेत सोडतात आणि वाऱ्यावर उडून दुसरीकडे जातात. आपण गॅरेज कितीही धुऊन काढलं तरी काही महिन्यांनी नवीन भाडेकरू येतो, तो असा.

या कुळातल्या सगळ्याच आया दूर राहून राखण करत नाहीत. युरोपातला एक फणीपायी कोळी आपल्या पिल्लांना तोंडातून अन्न भरवतो, चिमणीसारखं. दक्षिण अमेरिकेतल्या एका जातीचे हजारो कोळी एकाच जाळ्यात मिळून राहतात आणि मिळून शिकार करतात. आणि पुढच्या वेळी पावसाळा संपताना सह्याद्रीत गेलात, तर जंगलातल्या मोठ्या कोळ्याच्या भल्यामोठ्या जाळ्यात नीट बघा. कडेला चंदेरी थेंबासारखं काहीतरी चमकताना दिसेल. तोही याच कुळातला, दुसऱ्याच्या जाळ्यात राहून चोरून खाणारा. ब्लॅक विडोची काही भावंडंही भारतात आहेत. तेव्हा हे कूळ काही आपल्याला अमेरिकेत आल्यावर भेटलेलं नाही. फक्त ओळख इथे झाली.

ती चावते कधी?

हा मुद्दा सर्वात महत्त्वाचा. आपल्याच भागातल्या लोमा लिंडा विद्यापीठाच्या संशोधकांनी ब्लॅक विडोला जिलेटिनच्या खोट्या बोटानं डिवचून पाहिलं. २०१४ मध्ये ते काम प्रसिद्ध झालं. नुसतं एकदा टोचलं तर ती बाजूला सरकायची. पुन्हा पुन्हा टोचलं तर चिकट रेशीम फेकायची किंवा मेल्याचं सोंग घ्यायची. चावली ती मुख्यतः शरीर चिमटीत दाबल्यावर. आणि तेव्हाही प्रत्येक चाव्यात विष सोडलं नाही. विष बनवायला मेहनत लागते, ती ते उधळत नाही.

आता भाऊंचं टेबल आठवा. कडेखालच्या खोबणीत ती दिवसा लपून बसली होती, आणि भाऊंची बोटं नेमकी तिच्यावर दाबली गेली. ती त्यांच्या अंगावर धावून आली नव्हती. तिच्यासाठी ती चिमटच होती. बहुतेक चावे असेच होतात: बुटात घातलेला पाय, बागकामाच्या हातमोज्यात घातलेला हात, खोक्याच्या तळाखाली घातलेली बोटं.

तिच्या विषात आल्फा-लॅट्रोटॉक्सिन नावाचा घटक असतो. आपल्या मज्जातंतूंच्या टोकाशी निरोप पोचवणाऱ्या रसायनाच्या छोट्या छोट्या पुड्या असतात. हे विष त्या सगळ्या एकदम फोडायला लावतं. म्हणून स्नायू आखडतात, घाम फुटतो, रक्तदाब वाढतो. याच विषामुळे मेंदूच्या अभ्यासाला मदतही झाली. हे विष मज्जापेशीला नेमकं कुठे धरतं, हे शोधताना थॉमस स्यूडहॉफ यांच्या प्रयोगशाळेला १९९२ मध्ये न्यूरेक्सिन ही प्रथिनं सापडली. पेशींतल्या या पुड्यांच्या वाहतुकीवरील कामासाठी स्यूडहॉफ यांना २०१३ चं नोबेल पारितोषिक विभागून मिळालं.

चावल्यास काय करायचं

चावल्याची जागा साबण-पाण्यानं धुवा, कापडात गुंडाळून बर्फ लावा आणि पॉयझन कंट्रोलला फोन करा: १-८००-२२२-१२२२. अमेरिकेत कुठूनही, चोवीस तास, फुकट. पोटात किंवा पाठीत गोळे, घाम, उलटी असं काही सुरू झालं तर इमर्जन्सी रूम गाठा. श्वासाला त्रास किंवा छातीत दुखणं असेल तर ९११. लहान मुलं, वयस्कर माणसं, गरोदर बायका आणि रक्तदाब-हृदयविकाराचे रुग्ण यांच्या बाबतीत वाट बघू नका. आपल्याकडे सहा महिन्यांसाठी आलेले आई-वडील याच यादीत बसतात, आणि 'उगाच खर्च नको' म्हणून दुखणं लपवण्यात ते पटाईत असतात, हे तुम्हाला सांगायला नको.

जखम कापू नका, चोखू नका, घट्ट बांधू नका. चुना, कांदा, हळद काही लावू नका. जमलं तर कोळ्याचा फोटो काढा, डॉक्टरांना उपयोग होतो. घाबरून जाऊ नका. उपचार आहेत, गंभीर रुग्णांसाठी प्रतिविषही आहे आणि मृत्यू अतिशय दुर्मिळ आहेत.

गॅरेजसाठी सहा नियम

१) रात्री टॉर्च घेऊन बघा. विडो दिवसा लपते, रात्री जाळ्याच्या मध्यावर पोट वर करून लटकते. लाल डमरू तेव्हा आयता दिसतो. कार्यक्रमाच्या आदल्या रात्रीची दहा मिनिटं पुरतात.

२) सामान हलवताना चामड्याचे किंवा जाड हातमोजे घाला. ते घालण्यापूर्वी झटका. बुटांचंही तेच.

३) टेबल-खुर्ची उचलण्यापूर्वी आडवी करून कडेच्या खालून झाडू फिरवा. खोबणीत आंधळेपणानं बोटं घालू नका.

४) पुठ्ठ्याची खोकी काढून घट्ट झाकणाचे प्लास्टिकचे डबे वापरा, आणि ते भिंतीपासून हातभर लांब ठेवा. समया, मखराचं कापड, मुलांचे नाचाचे पोशाख हे तर डब्यातच.

५) विडो दिसली तर व्हॅक्यूमनं जाळ्यासकट, पिशव्यांसकट ओढून घ्या, किंवा लांब दांड्याच्या झाडूनं संपवा. जिथे माणसांचे हात जातात तिथे दयामाया नको, हे मी आईलाही पटवलं.

६) सरसकट फवारे मारू नका. कोळ्यावर थेट पडला नाही तर फवाऱ्याचा फारसा परिणाम होत नाही, आणि पडतो तो बऱ्याचदा भलत्यावरच. माझ्या गॅरेजमध्ये तोतये आणि सेलर स्पायडर साफ झाले, आणि पुढच्या उन्हाळ्यात वॉटर हीटरमागे नवी ब्लॅक विडो हजर! त्यापेक्षा अडगळ आणि जळमटं नियमित काढणं खूप चांगलं.

आणि सातवा, जो माझ्या स्वतःसाठी आहे: दिसलं तर सांगा. "असेल साधा कोळी," असं म्हणून दिवा बंद करू नका. तेव्हा मी दोन मिनिटं थांबून पोटाखालची खूण बघितली असती आणि ग्रूपवर एक ओळ टाकली असती, तर भाऊंची ती रात्र टळली असती. तेव्हा ती खूण बघायची असते हेच मला ठाऊक नव्हतं. आता तुम्हाला ठाऊक झालं आहे.

मंडळी, या स्मरणिकेच्या कार्यक्रमासाठी टेबलं पुन्हा आमच्याच गॅरेजमधून निघणार आहेत. आदल्या संध्याकाळी मदतीला जरूर या. हातमोजे आणि टॉर्च आणा, चहा-पोहे आमच्याकडे. भाऊ येणार आहेत. गेल्या खेपेला ते सर्वात आधी आले होते, आणि प्रत्येक टेबल उचलण्यापूर्वी त्यावर दोनदा थाप मारून मोठ्यानं विचारत होते, "बाई, आहात का घरात?"